चार रेडिएटर बंद केले तरी गॅस का वाचला नाही: एका घराचं प्रकरण

पार्श्वभूमी

घर दुमजली, बऱ्यापैकी जुनं, भिंती विटांच्या, इन्सुलेशन जेमतेम, खिडक्या मात्र नंतर डबल काचेच्या करून घेतलेल्या. राहणारी माणसं तीन, नवरा, बायको आणि नवऱ्याची आई. मुलगी शिकायला बाहेर गेली त्यामुळे वरच्या मजल्यावरची तिची खोली रिकामी पडली, शेजारची पाहुण्यांची खोली तर आधीपासूनच रिकामी होती. मी इथे त्यांना ताई, दादा आणि आई एवढंच म्हणणार आहे, ओळख पटेल असं बाकी सगळं काढून टाकलंय.

हीटिंग नेहमीचंच. गॅसचा कॉम्बी बॉयलर (घर तापवायचं आणि नळाचं गरम पाणी, दोन्ही एकाच यंत्रातून, वेगळी टाकी नाही), २४ किलोवॅटचा, कंडेन्सिंग म्हणजे धुरातली उष्णताही परत घेणाऱ्या प्रकारातला, पण जुन्या मॉडेलचा, म्हणजे ज्योत कितीही कमी केली तरी ७ किलोवॅटच्या खाली जात नाही (हा आकडा लक्षात ठेवा, पुढे सगळं यावरच अडलंय). रेडिएटर, म्हणजे आतून गरम पाणी फिरून खोली तापवणारे पॅनल, एकूण नऊ. खाली बैठकीची खोली, स्वयंपाकघर, हॉल म्हणजे जिन्याजवळची मोकळी जागा, आणि आईंची खोली, वर दोघांची बेडरूम, मुलीची खोली, पाहुण्यांची खोली, बाथरूममधला टॉवेल वाळवायचा रेडिएटर, आणि वरच्या पॅसेजमध्ये एक छोटा. पाइप दोन, एकाने गरम पाणी जातं, दुसऱ्याने परत येतं, आणि प्रत्येक रेडिएटर या दोघांच्या मध्ये स्वतंत्र जोडलेला. त्यामुळे एखादा बंद केला तरी बाकीच्यांचं पाणी अडत नाही. हे आधी तपासलेलं बरं असतं, कारण काही जुन्या बिल्डिंगांमध्ये एकच पाइप एका रेडिएटरमधून निघून पुढच्यात शिरतो, तिथे मधला वॉल्व्ह फिरवला तर पुढचे सगळे गार.

प्रत्येक रेडिएटरला दोन्ही टोकांना एकेक वॉल्व्ह. एका बाजूला आकडे असलेला थर्मोस्टॅटिक वॉल्व्ह (खोली तापली की आपोआप मिटणारा) किंवा साधा हाताने फिरवायचा, दुसऱ्या बाजूला टोपीखाली लपलेला लॉकशील्ड, जो पान्याने फिरतो आणि ज्याचं काम रेडिएटर चालू-बंद करणं नाही, तर कुठल्या रेडिएटरला किती पाणी मिळावं हे एकदाच ठरवून ठेवणं. या घरात हॉल, स्वयंपाकघर, बाथरूम आणि आईंची खोली, या चार ठिकाणी आकड्यांचा वॉल्व्ह नव्हता. अख्ख्या घराचा थर्मोस्टॅट एकच, भिंतीवर, हॉलमध्ये.

हॉलमध्ये आकड्यांचा वॉल्व्ह नाही हे विसरून राहिलेलं काम नव्हतं, मुद्दामच तसं ठेवतात. ज्या खोलीत भिंतीवरचा थर्मोस्टॅट आहे तिथल्या रेडिएटरवर दुसरा थर्मोस्टॅट बसवला की दोघांची ओढाताण सुरू होते. पण हे दादांना कुणी सांगितलंच नव्हतं, आणि घर विकत घेताना अशा गोष्टींचा कागद कोण देतं.

नेमकं काय झालं

थंडी सुरू झाली, गॅसचं बिल वाढलं, आणि दादांनी एका सुट्टीच्या दिवशी घरभर फिरून चार रेडिएटर बंद करून टाकले. दोन रिकाम्या खोल्यांचे, कारण तिथे कोणी नाही. स्वयंपाकघराचा, कारण शेगडी पेटलेली असते तेव्हा तिथे तसंही गरम असतं. आणि हॉलचा, कारण हॉलमध्ये बसतं कोण, बूट काढायचे आणि पुढे जायचं. सुटं सुटं बघितलं तर चारही कारणं पटण्यासारखीच आहेत.

महिनाभरात मीटर बघितलं तर गॅस जवळपास तेवढाच. दादा वैतागले, "अहो, निम्मे रेडिएटर बंद केलेत, मग गॅस थोडा तरी कमी जळायला नको का?" वर बेडरूममधल्या वॉल्व्हमधून रात्री बारीक शिटीसारखा आवाज यायला लागला होता. बॉयलर दर दोन-चार मिनिटांनी पेटायचा आणि विझायचा. मुलीच्या खोलीत कपाटामागे काळी बुरशी दिसली. आणि सगळ्यात विचित्र म्हणजे आईंच्या खोलीत एवढं गरम व्हायला लागलं की त्या रात्री खिडकी उघडून झोपत होत्या, घरात कुणाला पत्ताच नाही. विचारल्यावर म्हणाल्या, "तुम्ही बिलासाठी करताय ना सगळं, म्हणून गप्प बसले. पण रात्री जीव घाबरा होतो, मग जरा खिडकी उघडते."

खिडकीची गोष्ट कळली तेव्हाच मला अर्धं प्रकरण उलगडलं.

कारणं एकेक करून

सुरुवात हॉलपासून, कारण बाकीच्या बऱ्याच गोष्टी तिथून निघाल्या. भिंतीवरच्या थर्मोस्टॅटचं काम एवढंच, आपल्या आजूबाजूची हवा ठरवलेल्या टेंपरेचरला आली की बॉयलरला थांब सांगायचं. तो २० वर लावलेला. हॉलचा रेडिएटर बंद, त्यात बाहेरचं दार उघडझाप होणार, मग हॉल चढून चढून १५-१६ पर्यंत जायचा आणि तिथेच रेंगाळायचा. म्हणजे २० कधी होणारच नाही, आणि थर्मोस्टॅट बॉयलरला कधी थांब म्हणणारच नाही. टायमर बंद होईपर्यंत बॉयलर आणि पंप चालूच.

आता अशा वेळी ज्या खोल्यांना आकड्यांचा वॉल्व्ह आहे त्या स्वतःला सांभाळतात. त्या वॉल्व्हच्या डोक्यात मेण किंवा द्रव भरलेला असतो, खोली तापली की तो फुगतो आणि खालची पिन दाबून पाणी बंद करतो. विजेची गरज नाही, तारा नाहीत, डेन्मार्कच्या मॅड्स क्लाउसेन यांनी १९४३ मध्ये काढलेली युक्ती आहे आणि आजही मूळ कल्पना तीच. पण आईंच्या खोलीत होता साधा वॉल्व्ह, तो पूर्ण उघडा, म्हणजे बॉयलर जेवढा वेळ चालेल तेवढा वेळ त्यांची खोली तापत राहणार. पूर्वी हॉल २० ला आला की सगळं थांबायचं म्हणून आईंची खोली आपोआप ठीक राहायची. ती सांभाळणारी गोष्टच गेली. आणि मग खिडकीतून उष्णता बाहेर, बिल आहे तिथेच.

आता बॉयलरचा पेट-विझ खेळ. नऊच्या नऊ रेडिएटर मिळून कागदावर साधारण ११ किलोवॅट. चार बंद केल्यावर उरले जेमतेम ५ ते ६ किलोवॅट, त्यातही बैठकीच्या खोलीचा आणि बेडरूमचा वॉल्व्ह तापल्यावर मिटत जाणार, म्हणजे प्रत्यक्षात तीन-चार. बॉयलर कमीत कमी देणार ७. उरलेली उष्णता जाणार कुठे? पाणी भराभर तापतं, बॉयलर स्वतःच्या मर्यादेला पोचून विझतो, थोडं गार झालं की परत पेटतो. प्रत्येक वेळी पेटताना आधी पंख्याने आतली हवा बाहेर ढकलली जाते, थोडी उष्णता तशीच वाया जाते, सुटे भागही झिजतात. शिवाय परत येणारं पाणी गरमच राहतं. कंडेन्सिंग बॉयलरचा सगळा फायदा असतो तो धुरातल्या वाफेचं पाणी करून तिच्यातली उष्णता परत घेण्यात, आणि त्यासाठी परतीचं पाणी साधारण ५५ अंशांच्या खाली लागतं, जेवढं आणखी खाली तेवढं बरं. इथे परतीचा पाइप हाताला चटका देत होता. घेताना कंडेन्सिंगचे पैसे मोजले आणि चालतोय साध्या बॉयलरसारखा.

शिटीचा आवाज पंपामुळे. पंप जुना, एका ठरावीक स्पीडवर चालणारा, आणि तो ठेवलेला सगळ्यात वरच्या स्पीडवर. बागेतल्या पाइपच्या तोंडावर अंगठा दाबला की पाणी कसं जोरात फुसफुसतं, तसं नऊ वाटांचं पाणी चार-पाच वाटांमधून ढकललं जात होतं, आणि त्यातलीही एखादी अर्धी मिटलेली. खरं तर अशा वेळी जास्तीच्या पाण्याला वाट देण्यासाठी ऑटोमॅटिक बायपास वॉल्व्ह असतो आणि तो या घरात होताही, पण एवढा घट्ट आवळलेला की त्याचा असून नसून उपयोग नाही.

राहिली बुरशी. मुलीची खोली बंद, रेडिएटर पूर्ण बंद, आणि ताईंनी तिथे कपडे वाळत घालायला सुरुवात केली, कारण खोली रिकामीच तर आहे. मशीनमधून पिळून निघालेल्या कपड्यांमध्येही एका वेळच्या धुण्याला सहज दीड-दोन लिटर पाणी असतं आणि ते सगळं खोलीच्या हवेत जातं. त्यात दार कधी उघडं कधी लोटलेलं, म्हणजे बाकी घरातली दमट हवाही आत. २० अंशांची हवा, ६० टक्के दमट, ही साधारण १२ अंशांच्या पृष्ठभागाला लागली की दव धरते. बंद खोलीतली बाहेरची भिंत, त्यातही कपाटामागची जिथे हवा खेळत नाही, ती १२ च्या खाली सहज जाते. बुरशीला तर दव धरायचीही वाट बघावी लागत नाही, भिंतीलगतची हवा ८० टक्क्यांच्या आसपास दमट राहत राहिली तरी पुरतं.

मग रिकाम्या खोलीचा रेडिएटर बंद करून वाचतं तरी किती

हा प्रश्न दादांनी लावून धरला आणि ते बरोबरच होतं, म्हणून कागद घेऊन हिशोब मांडला. आकडे गोल धरलेत पण ढोबळ चित्र कळायला पुरे. समजा बाहेर ० अंश आणि बाकी घर २०. रिकाम्या खोलीची बाहेरची भिंत, खिडकी, छत मिळून दर अंश फरकामागे ४० वॅट बाहेर जाऊ देतात. आतल्या भिंती आणि बंद दार मिळून शेजारच्या खोल्यांमधून दर अंशामागे ३० वॅट आत येऊ देतात. रेडिएटर चालू असेल तर ४० गुणिले २० म्हणजे ८०० वॅट सतत लागणार. बंद केला तर खोली ० ला जात नाही, ती उतरत उतरत साडेआठ अंशांच्या आसपास थांबते, आणि तेव्हाही ३४० वॅट बाहेर जातच असतात, फक्त ते आता शेजारच्या रेडिएटरांकडून येतात. म्हणजे वाचले ४६०, पूर्ण ८०० नाही. आतल्या भिंतींना इन्सुलेशन कोण घालतं, त्यामुळे हे असंच होणार.

आता दार उघडं ठेवा. हवा येणार-जाणार, ३० च्या जागी ९० धरा. खोली १४ च्या जवळ राहते, ५५० वॅट जातात, वाचतात फक्त २५०. म्हणजे दार उघडं ठेवून रेडिएटर बंद करणं हे जवळजवळ स्वतःलाच फसवणं आहे. आणि या घरात तेच चाललं होतं, कपडे वाळत घालायला दिवसभर ये-जा.

दार बंद आणि खोली रेडिएटरनेच १४ वर धरली तर बाहेर जातात ५६० वॅट, वाचतात २४०. पूर्ण बंदच्या मानाने कमी वाचतं, पण भिंत कोरडी राहायची शक्यता बरीच वाढते.

समोर असलेले पर्याय

पहिला, सगळं परत उघडायचं आणि हॉलचा थर्मोस्टॅट २० वरून १८-१९ वर आणायचा. सोपा, फुकट, आणि चुकायला जागाच नाही. पण रिकाम्या खोल्या विनाकारण तापणार, आणि शिवाय आई. जागतिक आरोग्य संघटनेच्या २०१८ च्या घर आणि आरोग्यविषयक मार्गदर्शनात थंडीत घरात किमान १८ अंश सांगितलेत आणि म्हाताऱ्या माणसांना, लहान मुलांना, आजारी लोकांना त्याहून जास्त लागू शकतं असंही म्हटलंय. हॉल १८ म्हणजे आईंची खोली किती, हे मोजल्याशिवाय सांगता येणार नव्हतं.

दुसरा, दादांच्या मनात भरलेला, प्रत्येक रेडिएटरला स्मार्ट वॉल्व्ह, मोबाइलवरून चालणारे, आणि ज्या खोलीला गरज असेल ती स्वतः बॉयलर चालू करणार. चांगली गोष्ट आहे, मी विरोधात नाही. पण या बॉयलरची खालची मर्यादा ७ किलोवॅट असताना एकटी बाथरूम रात्री बॉयलरला हाक मारणार आणि तो चारशे वॅटच्या रेडिएटरसाठी ७ किलोवॅटची ज्योत पेटवणार. पेट-विझ आणखी वाढली असती. वस्तू महाग घ्यायची आणि मूळ दुखणं तसंच, म्हणून सध्या नको म्हटलं.

तिसरा, वर-खाली दोन झोन करायचे, म्हणजे दोन्ही मजल्यांचं हीटिंग वेगवेगळं चालू-बंद होईल, मधे मोटरने उघडझाप होणारा वॉल्व्ह टाकून. त्यासाठी फरशी उकरावी लागणार होती, विषय तिथेच संपला.

चौथा, थर्मोस्टॅट वायरलेस करून बैठकीच्या खोलीत न्यायचा आणि हॉलचा रेडिएटर बंदच ठेवायचा. यावर आम्ही बराच वेळ घातला कारण विचार खरंच चांगला होता. अडचण अशी की बैठकीच्या खोलीत मग आकड्यांचा वॉल्व्ह पूर्ण उघडा ठेवावा लागला असता, आणि तिथे दुपारी ऊन येतं. ऊन आलं की थर्मोस्टॅट म्हणणार बस झालं, आणि उत्तरेच्या बाजूला असलेली आईंची खोली गार पडणार. शिवाय जिन्याची जागा गार राहिली की वरच्या खोल्यांची दारं उघडली की तोच गारवा आत.

आणि पाचवा म्हणजे बॉयलरमधून निघणाऱ्या पाण्याचं टेंपरेचर कमी करायचं. दादांनी बॉयलरवरच्या त्या बटणाला कधी हात लावला नव्हता, ते ७५ वर होतं. हा पर्याय आणि रेडिएटर बंद करणं हे एकमेकांच्या आड येतं, आणि माझ्या मते या प्रकरणातली समजून घेण्यासारखी गोष्ट हीच. रेडिएटर जितका कमी गरम तितकी तो कमी उष्णता देतो, आणि ते सरळ प्रमाणात नाही, थोडं जास्तच उतरतं. पाणी सरासरी ७० अंश आणि खोली २० असताना जो रेडिएटर १००० वॅट देतो, तो पाणी सरासरी ५५ केलं तर साधारण ६३० देतो आणि ५० केलं तर जेमतेम ५१५. म्हणजे कोमट पाण्याने घर तापवायचं तर रेडिएटर जास्त लागतात, कमी नाही. तुम्ही जो रेडिएटर मिटवता तो पाणी गार ठेवायची तुमची सोयच काढून घेतो. नऊच्या नऊ उघडे असले तर पाणी ६० वर चालतं, पाचच उघडे असले तर तेवढ्याच घरासाठी ७५ लागतं.

काय केलं

आधी हॉल. वॉल्व्ह पूर्ण उघडला, थर्मोस्टॅट १९ वर. त्याच संध्याकाळी बॉयलर थांबायला लागला, म्हणजे थर्मोस्टॅट समाधानी होऊन खरोखर थांबला, पेट-विझ नाही.

स्वयंपाकघरात गंमत निघाली. तिथला हाताने फिरवायचा वॉल्व्ह जाम होता म्हणून दादांनी पान्याने दुसऱ्या बाजूचा लॉकशील्ड आवळून बंद केला होता. किती फेरे फिरवले ते मोजलं नव्हतं. बंद करायला लॉकशील्ड वापरायला हरकत नाही पण फेरे मोजून लिहून ठेवायचे असतात, दीड फेरा तर दीड, म्हणजे परत उघडताना जुनी जागा सापडते. ती गेल्यामुळे सगळंच बॅलन्सिंग परत करावं लागलं. प्रत्येक रेडिएटरच्या आत जाणाऱ्या आणि बाहेर येणाऱ्या पाइपवर टेंपरेचर मोजायचं, बॉयलरजवळच्या रेडिएटरांचे लॉकशील्ड थोडे आवळायचे, लांबच्यांचे मोकळे ठेवायचे, आणि पुन्हा मोजायचं. कंटाळवाणं काम आहे, एका लॉकशील्डला हात लावला की दुसऱ्याचं बदलतं. यातच दिवस गेला.

पाहुण्यांच्या खोलीचा वॉल्व्ह २ वर फिरवला तरी रेडिएटर गारच. हे फार होतं, वॉल्व्ह बरेच दिवस मिटून राहिला की पिन खालीच चिकटते. डोकं काढलं, पिन कशाने तरी हलकेच दाबून सोडली, दोन-तीनदा केल्यावर ती स्प्रिंगने वर यायला लागली. पक्कडीत धरून ओढायची नाही, बाहेर आली तर पाण्याचं कारंजं. तेव्हापासून ताई उन्हाळ्यात सगळे वॉल्व्ह उघडे ठेवतात.

रिकाम्या दोन्ही खोल्यांचे वॉल्व्ह १ आणि २ च्या मध्ये. बहुतेक वॉल्व्हांवर १ म्हणजे साधारण १२ अंश, २ म्हणजे १६, ३ म्हणजे २०, आणि बर्फाच्या चिन्हावर ७ च्या आसपास, म्हणजे पाइप गोठू नये एवढंच. ५ वर ठेवलं तर खोली लवकर तापते हा गैरसमज आहे, तेवढ्याच वेगाने तापते फक्त थांबत नाही. दारं बंद, खाली फटीला पट्टी. कपाट भिंतीपासून हातभर पुढे. बुरशी साफ केली, आणि कपडे वाळवायची जागा बाथरूममध्ये, दार लावून आणि पंखा चालू ठेवून. ताई आधी नाखूश होत्या, बाथरूम छोटी आहे, पण बुरशीचा वास आठवला की गप्प बसतात.

आईंच्या खोलीला आकड्यांचा वॉल्व्ह बसवला. त्यासाठी पाणी काढावं लागलं, मग परत भरताना गंज न धरण्याचं केमिकल टाकून, हवा काढून, प्रेशर गार असताना सव्वा बारच्या आसपास आणलं. हे आणि बायपासचं काम गॅस-हीटिंगचा परवाना असलेल्या माणसानेच केलं, त्यानेच पंपाचा स्पीड एक पायरी खाली आणला. शिटी बंद.

सगळ्यात शेवटी बॉयलरचं पाणी ७५ वरून ६०. नळाच्या गरम पाण्याचं बटण कॉम्बीमध्ये वेगळं असतं, त्याला हात लावला नाही. (ज्यांच्याकडे गरम पाण्याची टाकी आहे त्यांनी हे आंधळेपणाने करू नये, टाकीतलं पाणी ६० च्या आसपास ठेवावं लागतं, नाहीतर लिजिओनेलाचे जिवाणू वाढायची भीती.)

निकाल

आईंची खोली २१ वर स्थिर, खिडकी रात्री बंद. रेडिएटर आता हाताला भाजत नाहीत, नुसते कोमट असतात आणि तरी घर गरम, हे दादांना पचायला वेळ लागला, पहिले काही दिवस ते येता-जाता रेडिएटरला हात लावून बघायचे आणि मला फोन करायचे की बिघडलंय काहीतरी. सकाळी घर तापायला आता जास्त वेळ लागतो, म्हणून टायमर थोडा आधी सुरू केला. कडाक्याच्या थंडीत ६० पुरलं नाही, ते दिवस ६५ वर काढले.

पेट-विझ कमी झाली, पण संपली नाही. थंडी सौम्य असते त्या दिवसांत सगळ्या घराला मिळूनच ७ किलोवॅट लागत नाहीत, त्यामुळे ती होणारच. मुलीच्या खोलीत बुरशी परत आली नाही.

गॅस किती वाचला? आठवड्याचं मीटर आणि त्या आठवड्यात बाहेर किती थंडी होती हे दोन्ही मांडून बघितलं, नुसतं मागच्या महिन्याच्या बिलाशी तुलना केली तर काहीच कळत नाही, थंडीच वेगळी असते. तसं बघितलं तर वापर स्पष्ट खाली आलाय. पण त्यात हॉलचा वाटा किती, कोमट पाण्याचा किती, आणि आईंच्या बंद खिडकीचा किती, ते वेगळं काढता येत नाही, कारण सगळे बदल जवळजवळ एकदम केले. माझा अंदाज विचाराल तर रिकाम्या खोल्यांचा वाटा सगळ्यात छोटा.

काय वेगळं करता आलं असतं

दादांनी पहिल्याच दिवशी फक्त दोन रिकाम्या खोल्या मंद करून हॉलला हात लावला नसता तर बाकीचं बरंच झालं नसतं. भिंतीवरचा थर्मोस्टॅट कुठे आहे हे बघायला एक मिनिट लागतं आणि त्या खोलीचा रेडिएटर सोडून बाकीच्यांचा विचार करायचा, निदान तेवढं तरी.

बदल एकेक करून प्रत्येकाला आठवडाभर द्यायला हवा होता. पण आईंच्या खोलीचं थांबवण्यासारखं नव्हतं आणि पाणी एकदा काढलंच होतं तर सगळं उरकून घेणं सोयीचं होतं, त्यामुळे परत वेळ आली तरी बहुतेक असंच झालं असतं. बॉयलरच्या पाण्याचं टेंपरेचर मात्र थंडी सुरू व्हायच्या आधीच, काहीही न उकरता, कमी करून बघता आलं असतं.

खोल्यांमध्ये साधे टेंपरेचर आणि दमटपणा दाखवणारे मीटर सुरुवातीपासून असते तर मुलीच्या खोलीतली बुरशी दिसायच्या आधी आकड्यात दिसली असती. आणि आईंना कुणीतरी आधी विचारायला हवं होतं, पण ते हीटिंगमध्ये येत नाही.

एक गोष्ट अजून लोंबकळत आहे. कधीतरी हा बॉयलर बदलावा लागेल, दादा हीट पंपाचा (बाहेरची उष्णता ओढून घरात आणणारं विजेवरचं यंत्र) विचार करतायत. तिथे रेडिएटर बंद करायची सवय आणखी महागात पडते, कारण हीट पंप पाणी जितकं कमी गरम करतो तितका स्वस्तात चालतो, आणि फिरायला पुरेसं पाणी नसेल तर त्याचीही पेट-विझ सुरू होते. तेव्हा रिकाम्या खोल्या १४ वर ठेवायच्या की सरळ १७-१८ वर सगळ्या घराबरोबर, हे घराचा हीट लॉस, म्हणजे घरातून किती उष्णता बाहेर जाते ते, मोजून नव्याने ठरवावं लागेल. मुलगी तोपर्यंत परत येणार असेल तर प्रश्नच मिटला.